भाई आणि भाऊबीज

दिवाळी हा कुटुंबाचा सण. वसुबारसेला गाईवासराच्या पूजेने त्याचा आरंभ होतो आणि भाऊबीजेच्या ओवाळणीने शेवट. अशा सणाच्या अंकात गुन्हेगारांच्या टोळ्यांचा इतिहास कशाला, असे एखादी वाचक भगिनी विचारील, आणि तिचे विचारणे वावगे नाही. माझे उत्तर एवढेच की, या टोळ्यांनी आपल्या घरातले दोन शब्द चोरून नेले आहेत. इटलीतल्या टोळीने 'कुटुंब' नेले, मुंबईतल्या टोळीने 'भाई' नेला. दागिना चोरीस गेला तर आपण चौकीवर धाव घेतो. शब्द चोरीस गेला तर कोणाच्या लक्षातही येत नाही. ही चोरी कशी झाली आणि चोरीचा माल अजून चोराच्याच घरी का आहे, ते आज सांगावयाचे आहे.

मी आर्वीच्या एका शाळेत पुष्कळ वर्षे इतिहास शिकविला. पानिपत शिकविताना मुले जांभया देत. पण मधल्या सुट्टीत त्यांच्या गप्पा चालत त्या सिनेमातल्या डॉनच्या. एकदा मागच्या बाकावरच्या एका मुलाने मला सरळच विचारले, "सर, तो गरिबांना मदत करायचा म्हणतात. मग तो वाईट कसा?" प्रश्न खोटा नव्हता, आणि एका वाक्यात उत्तर देण्याजोगाही नव्हता. त्याचे उत्तर शोधावयाचे तर मुंबईच्याही पलीकडे, भूमध्य समुद्रातल्या सिसिली बेटापर्यंत जावे लागते.

*

सिसिलीची गोष्ट लिंबांपासून सुरू होते. पालेर्मो शहराभोवती डोंगरांनी वेढलेला एक सुपीक पट्टा आहे. त्याच्या इटालियन नावाचा अर्थ 'सोन्याचा द्रोण' असा होतो. या द्रोणात लिंबू-संत्र्यांच्या बागा. इंग्रजी आरमाराने खलाशांच्या स्कर्व्ही रोगावर लिंबाचा रस देण्यास आरंभ केला, पुढे लंडन-न्यूयॉर्ककडे पेट्याच्या पेट्या जाऊ लागल्या, आणि एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास या बागा युरोपातल्या अत्यंत किफायतशीर जमिनींत गणल्या जाऊ लागल्या.

आता लिंबाची बाग किती नाजूक असते, हे आमच्या आर्वी-आष्टी-कारंजाकडच्या संत्राबागाइतदाराला समजावून सांगावयास नको. रोप लावल्यापासून फळ हाती येईपर्यंत कित्येक वर्षे जातात, आणि ऐन उन्हाळ्यात चार पाळ्या पाणी चुकले की ती सारी वर्षे मातीत जातात. एका रात्रीत कोणी कुऱ्हाड चालविली किंवा पाटाचे तोंड बुजविले, तर मालकाने कोणाकडे जावे? सिसिलीतली सरंजामशाही १८१२ साली कागदोपत्री रद्द झाली होती. १८६० साली गॅरिबाल्डी बेटावर उतरला आणि पुढच्याच वर्षी इटलीचे राज्य जन्मास आले. जुन्या जहागीरदारांचे हत्यारबंद रखवालदार मोकळे झाले होते, आणि नव्या राज्याचा शिपाई अजून बागेपर्यंत पोहोचला नव्हता. अशा वेळी एक मनुष्य बागेच्या दाराशी येऊन नम्रपणे म्हणे, "मला रखवालीला ठेवा, नाही ठेवलेत तर कोणाची कुऱ्हाड कधी चालेल, सांगता येत नाही." कुऱ्हाड त्याचीच असे. भीती विकणारा आणि अभय विकणारा एकच. माफियाचे सारे शास्त्र या एका वाक्यात आहे. पुढची दीडशे वर्षे केवळ मालाची नावे बदलत गेली.

'माफिया' या शब्दाचा बोलबाला झाला तो पालेर्मोच्या तुरुंगातील दादा लोकांवर लिहिलेल्या १८६३च्या एका नाटकामुळे. दोनच वर्षांनी तो सरकारी कागदांत शिरला. १८७६ साली लेओपोल्दो फ्रांकेत्ती नावाचा एक तरुण जमीनदार आपल्या मित्राबरोबर बेटावर हिंडला, आणि त्याने आपल्या अहवालात नमूद केले की, येथे हिंसा हा एक उद्योग झाला आहे. त्याला भांडवल आहे, कारागीर आहेत आणि गिऱ्हाईकही आहे. गिऱ्हाइकाचा हा उल्लेख वाचकांनी ध्यानात ठेवावा. १८९३ साली बँक ऑफ सिसिलीचे प्रामाणिक म्हणून नावाजलेले माजी संचालक नोतारबार्तोलो यांचा धावत्या आगगाडीत खून झाला. त्या प्रकरणात एका लोकप्रतिनिधीला १९०२ साली शिक्षा झाली आणि १९०४ साली तो निर्दोष सुटला. लिंबाच्या बागेतला रखवालदार तीस वर्षांत कोठवर पोहोचला होता, हे त्यावरून दिसावे.

आता 'कुटुंबा'विषयी. सिसिलीतले टोळीचे कुटुंब बहुधा रक्ताचे नसते. ते गावाचे किंवा मोहल्ल्याचे असते. नव्या माणसाचे बोट टोचून रक्ताचा थेंब एका संताच्या चित्रावर घेतात, ते चित्र त्याच्या ओंजळीत जाळतात, आणि बेइमानी केल्यास आपलीही अशीच राख होवो, अशी शपथ त्याच्याकडून वदवितात. त्या क्षणापासून टोळी आधी, बायकामुले नंतर. तोम्मासो बुशेत्ता हा या टोळ्यांतला मोठा असामी. १९८४ साली त्याने सारे गुपित न्यायाधीशांपुढे उघड केले. त्याच्या आधी, १९८२ साली, त्याचे दोन तरुण मुलगे नाहीसे करण्यात आले होते. कुटुंबाच्या नावाने चालणाऱ्या संस्थेने कुटुंबाचे काय केले, याची याहून वेगळी साक्ष नको.

*

अमेरिकेने १९२० साली दारूबंदी केली. हेतू उदात्त होता. पण पिणाऱ्यांची तहान कायद्याने गेली नाही, ती फक्त काळोखात गेली. त्या काळोखात इटलीहून आलेल्यांच्या टोळ्या गबर झाल्या. १९३१ साली न्यूयॉर्कमध्ये पाच कुटुंबांची वाटणी ठरली आणि तंटे तोडण्यास त्यांची एक पंचायत बसली. १९३३ साली दारूबंदी उठली. टोळ्या मात्र उठल्या नाहीत. तोवर त्यांनी जुगार, गोदी आणि कामगार संघटना यांत पाय रोवले होते.

हाच प्रयोग पुढे आमच्या मुंबईत झाला. १९४९चा दारूबंदी कायदा झाला आणि १९५० साली मुंबई राज्य कोरडे झाले. धारावी-माटुंग्याच्या झोपड्यांमागे हातभट्ट्या पेटल्या. तामिळनाडूतून आलेला, बोरीबंदरावर हमाली केलेला वरदराजन मुदलियार या धंद्यात पुढे आला. माटुंगा स्थानकाबाहेरच्या त्याच्या गणपतीच्या मंडपाचा थाट जुने मुंबईकर अजून सांगतात. त्याच्या पंथाचा दुसरा हाजी मस्तान. हाही तामिळनाडूचा, सायकलदुरुस्तीच्या दुकानातून गोदीच्या हमालीत आलेला. त्याला दारूची गरज पडली नाही. त्याला आपण सोने दिले.

'आपण' हा शब्द मी जाणून वापरतो. स्वातंत्र्यानंतर सोन्याच्या आयातीवर बंधने आली. जानेवारी १९६३ मध्ये सुवर्णनियंत्रणाचा हुकूम निघाला आणि चौदा कॅरटांहून अधिक कसाचे दागिने घडविण्यास बंदी झाली. हजारो सोनारांच्या शेगड्या विझल्या. पण मुलीच्या लग्नात चौदा कॅरटांचे मंगळसूत्र घालण्यास कोण आई तयार होणार? दुबईत सोने स्वस्त, मुंबईत महाग. मधल्या फरकात समुद्रावरून गलबते येऊ लागली. धनत्रयोदशीला ज्या सोन्यापुढे पांढरपेशा घरांत हळदकुंकू वाहिले गेले, त्यातले किती गोदीच्या मागील दाराने आले होते, याचा हिशेब कोणी ठेवला नाही. मस्तानला १९७५ साली आणीबाणीत तुरुंगात टाकले, आणि तो बाहेर आला तो पुढारी होऊन. १९९० साली सुवर्णनियंत्रण कायदा रद्द झाला, त्यापाठोपाठ आयातही खुली होऊ लागली, आणि सोन्याच्या चोरट्या धंद्यातली मूळ किफायत ओसरली. शेकडो छाप्यांनी जे साधले नाही, ते गिऱ्हाईक राजरस्त्याच्या दुकानात गेल्याने साधले.

*

मुंबईच्या या कथेत आर्वीचा धागा कापसाचा आहे. पुलगाव ते आर्वी अशी अरुंद रुळांची आगगाडी कापूस वाहून नेण्यासाठीच घातली गेली. आमच्या जिनिंगमधल्या गाठी पुलगावला मोठ्या गाडीत चढत आणि मुंबईच्या वाटेला लागत. तो छोटा रूळमार्ग आता बंद पडला आहे, आणि दुसऱ्या टोकाच्या गिरणीही. १८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईच्या सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांनी संप पुकारला. तो रीतसर कधी मिटला नाही. कामगारच मिटत गेले. कोणी कोकणात परतला, कोणी भाजीची गाडी लावली. परळ, लालबाग, भायखळा या गिरणगावातल्या चाळींत दहावी नापास मुलगा घरात बसला, आणि बापाच्या हातात रोजगार नव्हता.

या मुलाला जवळ घेणारा कोणी तरी असावयास हवा होता. तो निघाला 'भाई'. अरुण गवळी हा याच गिरणगावातला. भायखळ्याजवळची दगडी चाळ हा त्याचा गड. सिसिलीत लिंबाची बाग होती, येथे गिरणीची जमीन होती. गिरणी बंद पडताच ती जमीन सोन्याच्या मोलाची झाली. भाडेकरू हलवायचा, येणे वसूल करायचे, जागा मोकळी करून घ्यायची. दिवाणी कोर्टात वीस वर्षे लागणारी ही कामे 'भाई' वीस दिवसांत करून देई. त्याला 'मांडवली' हे नाव पडले. फ्रांकेत्तीच्या अहवालातला गिऱ्हाईक मराठी मुलखात आला तो असा. आणि तो चाळीत राहणारा नव्हता, मोटारीतून येणारा होता.

दाऊद इब्राहिम हा मुंबई पोलिसांतल्या एका हवालदाराचा मुलगा. १९८१ साली त्याचा भाऊ साबीर टोळीयुद्धात मारला गेला. १९९२ साली त्याच्या बहिणीचा नवरा मारला गेला. इकडे गवळीचा भाऊ किशोर याचाही असाच खून झाला. ज्यांना सारी मुंबई 'भाई' म्हणे, त्यांच्या घरी भाऊबीजेचे ताट असे रिकामे होत गेले. आणि हे लोण त्यांच्याच घरांपुरते राहिले नाही. १२ मार्च १९९३ रोजी मुंबईत एका दुपारी लागोपाठ बॉम्बस्फोट होऊन २५७ माणसे मेली. सोन्याची गलबते ज्या किनाऱ्यावर उतरत, त्याच रायगडच्या किनाऱ्यावर स्फोटके उतरली होती. ज्या कस्टमच्या आणि पोलिसांच्या माणसांना सोन्याकडे काणाडोळा करण्याची सवय जडली होती, त्यांतल्या काहींना पुढे या खटल्यात शिक्षा झाल्या. चोरवाट एकदा पाडली की तिच्यावरून कोणता माल येईल, हे वाट पाडणाराच्या हाती राहत नाही. १९९७च्या जानेवारीत दत्ता सामंत, ऑगस्टात गुलशन कुमार हे दिवसाढवळ्या मारले गेले. आणि 'सुपारी' हा आणखी एक मंगल शब्द आपल्या हातून गेला.

*

राज्यसंस्थेने काय केले? तिने दोन मार्ग धरले. पहिला दंडुक्याचा. मुसोलिनीने १९२५ साली चेझारे मोरी याला पालेर्मोस धाडले. त्याने गावेच्या गावे वेढून माणसे पकडली. माफिया दबला, मेला नाही. १९४३ साली दोस्तांच्या फौजा उतरताच तो पुन्हा वर आला. मुंबईतही चकमकींचे पर्व झाले. पुष्कळांना ते वीररसाचे वाटले. पण २००६ सालची एक चकमक बनावट ठरून २०१३ साली न्यायालयाने पोलिसांनाच जन्मठेप ठोठावली.

दुसरा मार्ग कायद्याचा, आणि तो संथ आहे. टोळीचा म्होरक्या स्वतः खून करीत नाही. मग त्याला कोणत्या कलमाखाली धरावे, ही खरी अडचण. अमेरिकेने १९७० साली, इटलीने १९८२ साली आणि आपल्या महाराष्ट्राने १९९९ साली, 'मोक्का' म्हणून आपण ज्याला ओळखतो त्या कायद्याने, टोळी चालविणे हाच स्वतंत्र गुन्हा ठरविला. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेतही संघटित गुन्हेगारीचे कलम आहे. इटलीच्या कायद्याची किंमत फार मोठी पडली. तो मांडणारे खासदार पिओ ला तोरे यांचा १९८२च्या एप्रिलात खून झाला, सप्टेंबरात सेनानी दाल्ला किएझा यांना पत्नीसह ठार केले, आणि मग दहा दिवसांत कायदा झाला. त्या कायद्याने टोळीची मालमत्ताही जप्त होऊ लागली. त्याच्या बळावर १९८६-८७ साली पालेर्मोच्या तुरुंगाला लागून बांधलेल्या अभेद्य न्यायमंदिरात सुमारे पावणेपाचशे आरोपींचा खटला चालला आणि तीनशेहून अधिकांना शिक्षा झाली. १९९२च्या जानेवारीत वरिष्ठ न्यायालयाने त्या कायम केल्या. मेमध्ये न्यायाधीश फाल्कोने आणि जुलैमध्ये त्यांचे सहकारी बोर्सेल्लिनो यांना टोळीने स्फोटात उडविले. पण त्यांनी उभारलेला खटला उडाला नाही.

मग या टोळ्या संपल्या का? नाही, त्यांनी वेष बदलला. मात्तेओ मेस्सिना देनारो हा म्होरक्या तीस वर्षे फरारी होता. जानेवारी २०२३ मध्ये तो पालेर्मोच्या एका रुग्णालयात सापडला, तेव्हा कळले की तो आपल्या जन्मगावापासून काही मैलांवर राहत होता. शेजाऱ्यांच्या मुक्या तोंडांनी जे छत्र धरले, ते कोणत्याही किल्ल्याने धरले नसते. दक्षिणेकडच्या कालाब्रिया प्रांतातली 'न्द्रांगेता' ही टोळी आज इटलीत सर्वांत बलाढ्य मानतात. ती खरोखरच रक्ताच्या नात्यांनी बांधलेली, म्हणून तीतून साक्षीदार फुटणे कठीण. तरीही २०२३च्या नोव्हेंबरात एकाच खटल्यात तिच्या दोनशेहून अधिक माणसांना शिक्षा झाली. इकडे गवळी २००४ साली आमदार झाला, २०१२ साली एका नगरसेवकाच्या खुनाबद्दल जन्मठेपेचा कैदी झाला, नागपूरच्या कारागृहात त्याने वर्षे काढली, आणि २०२५च्या सप्टेंबरात सर्वोच्च न्यायालयाच्या जामिनावर बाहेर आला. दाऊद १९८०च्या दशकातच देशाबाहेर गेला तो परतला नाही. कोकणातल्या मुंबके गावच्या त्याच्या कुटुंबाच्या जमिनींचा सरकारने लिलाव केला. दक्षिण मुंबईत रात्री सुखाने झोप लागते, हे खरे. पण टोळीचा धंदा ज्या पोकळीत उगवतो, ती पोकळी भरली का, हा प्रश्न राहतोच.

*

ही पोकळी पाहावयास मुंबईस जाण्याचे कारण नाही. आमचा वर्धा जिल्हा गांधीजींच्या सेवाग्रामचा; सत्तरीच्या दशकापासून येथे दारूबंदी आहे. वर्धा नदी ओलांडली की अमरावती जिल्हा लागतो, आणि तेथे ती नाही. रुक्मिणीच्या माहेरचे कौंडण्यपूर त्याच काठावरचे. एके काळी श्रीकृष्ण तेथून रुक्मिणीला घेऊन गेला. हल्ली रात्री नदी ओलांडून काय काय येते, ते काठावरच्या कुत्र्यांनाही ठाऊक आहे. मोहाची हातभट्टी आहे ती वेगळीच.

ज्या मुलाने मला वर्गात तो प्रश्न विचारला, तो पुढे या वाहतुकीत लागला. कापूस वेचून त्याच्या आईला आठवड्यात मिळे, तितके त्याला एका खेपेत मिळत. त्याला काम देणाऱ्याने त्याच्या बहिणीच्या लग्नात मंडपाचा खर्च केला, आणि तेव्हापासून तो त्याला 'भाऊ' म्हणू लागला. पुढे एका रात्री गाडी उलटून त्याचा पाय गेला. त्या दिवसानंतर 'भाऊ' त्याच्या दारात फिरकला नाही. आता तो बाजाराच्या रस्त्यावर पानाची टपरी चालवितो. दारूबंदी असावी की नसावी, हा वाद मी येथे मांडीत नाही. कायदा करून त्याच्यामागे शेजाऱ्याची साक्ष उभी केली नाही, तर तो कायदाच कोणाचे तरी भांडवल होतो, एवढे मला दिसते. आणि साक्ष उभी राहू शकते, हेही आमच्याच जिल्ह्यातल्या खेड्यापाड्यांच्या बायकांनी दाखविले आहे. दारूबंदी मंडळे काढून, पदर खोचून त्यांनी भट्ट्या फोडल्या. त्या वेळी त्यांच्या हाती कायद्याचे पुस्तक नव्हते; गावात कोणाकडे दारू आहे हे आम्ही मोठ्याने सांगणार, एवढा निश्चय होता.

असाच निश्चय पालेर्मोत लिबेरो ग्रास्सी या कपड्यांच्या कारखानदाराने केला. जानेवारी १९९१ मध्ये त्याने वर्तमानपत्रात आपल्या खंडणीखोराला उघड पत्र लिहून कळविले की, मी तुला पैसे देणार नाही. बाजारातल्या इतर व्यापाऱ्यांनी त्याला साथ दिली नाही. उलट तो बाजाराची बदनामी करतो, असे कुजबुजले. २९ ऑगस्टला सकाळी घराबाहेर त्याला गोळ्या घातल्या. पण २००४ साली त्याच शहरात काही तरुणांनी एका रात्रीत भिंतींवर लहान लहान कागद डकविले. खंडणी देणारी जनता ही स्वाभिमान गमावलेली जनता होय, अशा आशयाचा मजकूर त्यांवर होता. पुढे त्यांनी खंडणी न देणाऱ्या दुकानांची यादी केली आणि लोकांना सांगितले, खरेदी येथे करा. हळूहळू त्या यादीत शेकडो दुकाने आली. एकटा ग्रास्सी मारता आला. शंभर दुकानदार आणि त्यांची हजार गिऱ्हाइके कशी मारणार?

त्या मुलाच्या प्रश्नाचे उत्तर आता देता येते. होय, भाई गरिबांना मदत करतो. सिसिलीतला रखवालदारही बाग राखीत असे. पण त्या मदतीची पावती आपल्या मौनात फाडली जाते आणि तिचे हप्ते आपल्या मुलांच्या हातापायांनी फेडावे लागतात. भाऊबीजेचा व्यवहार याच्या उलटा आहे. तेथे बहीण ओवाळते आणि भाऊ तिच्या ताटात ओवाळणी घालतो. वसूल करीत नाही. यंदा ताटात निरांजन लावताना घरातल्या मुलांना हा फरक जरूर सांगावा. त्यांना तो पानिपताहून लवकर समजेल.